‘तर मित्रांनो’ म्हणजे नेमके कोण?

संपादक महोदय,

सप्रेम नमस्कार.

ऑस्ट्रेलियाने १० डिसेंबर २०२५ पासून सोळा वर्षांखालील मुलांना समाजमाध्यमांवर खाते ठेवण्यास मनाई केली, तेव्हापासून आपल्या वाचकपत्रांत मुलांच्या मोबाइलवर बंदी असावी की नसावी ही चर्चा अधूनमधून डोके वर काढते आहे. बंदी मागणारे बहुतेक पालक आहेत, तिला हसणारे बहुतेक तरुण आहेत, आणि दोन्ही बाजू भांडतात ते एकाच हिशेबावर : मूल दिवसातून किती तास पडद्यासमोर असते. मी वेंगुर्ले तालुक्यात एकतीस वर्षे मराठी शिकवून निवृत्त झालेली शिक्षिका आहे. तासांचा हा हिशेब मलाही फार महत्त्वाचा वाटत असे. अलीकडच्या एका किरकोळ प्रसंगानंतर तो तितकासा वाटेनासा झाला, म्हणून हे पत्र.

शेजारची पाच वर्षांची मुलगी सकाळी आजीच्या मागून विहिरीकडे चालली होती. तिच्या हातात मोबाइल नव्हता. चिऱ्याची एक चपटी कपची होती. ती कपची तोंडासमोर हातभर अंतरावर धरून, मान किंचित कलती करून ती बोलत होती, “तर मित्रांनो, आज आपण चाललो आहोत आमच्या विहिरीवर. व्हिडिओ शेवटपर्यंत नक्की बघा.” आजीने मागे वळून विचारले, “कोणाक सांगतस गो?” मुलगी क्षणभर थांबली आणि म्हणाली, “सगळ्यांका.” वाटेवर त्या दोघींशिवाय एक मांजर तेवढे होते.

या मुलीच्या हातून काढून घ्यायचे तरी काय? आपण जे करतो ते कोणीतरी कुठूनतरी पाहत असते आणि त्याला शेवटपर्यंत धरून ठेवणे हे आपले काम आहे, ही समजूत तिच्या अंगात इतकी मुरली आहे की त्यासाठी यंत्राचीही गरज उरलेली नाही. शिवाय आजीशी मालवणीत बोलणारी ही मुलगी त्या ‘मित्रांशी’ प्रमाण मराठीत बोलते, म्हणजे कोणाशी काय बोलावे याचे तिचे भान पक्के आहे. हे मित्र कोण, हा माझा प्रश्न आहे, आणि तो पाच वर्षांच्या मुलीपुरता नाही.

बंदीबद्दल दोन शब्द लिहून तो विषय बाजूला ठेवते. २९ जून २०२० रोजी केंद्र सरकारने टिकटॉकसह ५९ ॲप्सवर बंदी घातली. आमच्या वाडीतली दोन-तीन मुले तोवर टिकटॉकवर बऱ्यापैकी नावारूपाला आली होती. त्यांच्या घरी आठवडाभर सुतक असल्यासारखे वातावरण होते. जुलैमध्येच इन्स्टाग्रामने भारतात रील्स सुरू केल्या आणि तीच मुले, त्याच बांधावर, तोच नाच नव्या दुकानासाठी नाचू लागली. त्याच वर्षी टाळेबंदीत मुलांच्या हातात मोबाइल दिला तो शाळेने, म्हणजे आम्हीच. रेंज मिळावी म्हणून मुले छत्री घेऊन सड्यावर जाऊन बसत आणि आम्ही त्यांना शाबासकी देत असू. २०२३ च्या डिजिटल वैयक्तिक डेटा संरक्षण कायद्याने अठरा वर्षांखालील मुलांच्या माहितीसाठी पालकांची पडताळलेली संमती आवश्यक ठरवली आहे आणि मुलांच्या वावरावर पाळत ठेवून त्यांना जाहिराती दाखवण्यास मनाई केली आहे. कायदा चांगलाच आहे. परंतु ज्या घरात मोबाइल एक, खाते बापाच्या नावाचे आणि ते खाते चालवायला बापाला शिकवणारा मुलगा, त्या घरात संमती कोणी कोणाची घ्यायची, हे मला अजून उमगलेले नाही.

बाहेरून आलेल्या करमणुकीने आपली राहणी घडवणे हे कोकणाला नवे नाही, हेही मान्य केले पाहिजे. आमच्या लहानपणी गणपतीला येणारा चाकरमानी हेच आमचे सर्वांत मोठे माध्यम होते. टेरिकॉटची पँट, कपाळावर ओढलेले केस, ट्रान्झिस्टर, सिनेमाच्या गोष्टी, चहात पाव बुडवून खाण्याची रीत, हे सगळे गिरणगावातून पत्र्याच्या ट्रंकेत बसून आले. भिकाजी आणि बाबलींच्या घरांत एकाएकी राजेश आणि संजय जन्माला येऊ लागले ते याच ट्रंकेच्या कृपेने. जानेवारी १९८२ मध्ये सुरू झालेल्या गिरणी संपाने ती ट्रंक रिकामी केली, तरी तोवर आमच्या ओटीवर मुंबई कायमची बसली होती. नंतर दूरदर्शन आले. १९८७ मध्ये रविवारी सकाळी ‘रामायण’ सुरू झाले तेव्हा वाडीत टीव्ही एकाच घरात होता, आणि खळ्यात चपलांचा ढीग पाहून आत किती माणसे आहेत याचा अंदाज घ्यावा लागे. तेव्हाही वडीलधारे म्हणतच होते की पोरे बिघडली.

मग आज वेगळे काय? चाकरमानी हा कोणाचा तरी काका किंवा मामा होता. त्याने आणलेल्या फॅशनीला नाक मुरडण्याचा हक्क आजीला होता, आणि ती तो मनसोक्त बजावत असे. पाच-सात दिवसांनी तो परत जाई. मग त्याने आणलेले काय ठेवायचे आणि काय टाकायचे, हे वर्षभर वाडी सावकाश ठरवी. टीव्हीने आम्हाला प्रेक्षक केले, पण त्याने कधी आमच्याकडे उलटून पाहिले नाही. आताचा पडदा पाहतो. आपले बोट कोणत्या चित्रावर थबकले, किती वेळ थबकले, कुठे कंटाळून पुढे सरकले, याची नोंद तो ठेवतो आणि पुढचे चित्र त्या नोंदीवरून निवडतो. चित्रे करणाऱ्यालाही तो हाच आकडा दाखवतो : तुझ्याकडे इतके जण थांबले, इतके निघून गेले. ते का थांबले आणि का गेले, हे मात्र कोणी सांगत नाही. बी. एफ. स्किनर या अमेरिकन मानसशास्त्रज्ञाने कबुतरांवर केलेल्या प्रयोगांत असे दिसले की चोच मारल्यावर दाणा कधी मिळतो, कधी मिळत नाही, अशी व्यवस्था असली की कबूतर चोच मारणे सोडत नाही. आम्हाला त्यासाठी अमेरिकेपर्यंत जाण्याचे कारण नाही. खाडीवर गरी टाकून बसलेला माणूस जेवायला हाक मारली तरी का उठत नाही, हे घरोघरी ठाऊक आहे. फरक इतकाच की इथे दोरीच्या दोन्ही टोकांना माणूसच आहे, आणि गरी भलत्याच्याच मालकीची आहे.

याचा परिणाम कसा होतो, ते मी गेल्या हिवाळ्यात आमच्या गावच्या जत्रेत पाहिले. ते जरा सविस्तर सांगते.

दशावतारात, म्हणजे आमच्याकडच्या जत्रांत रात्रभर चालणाऱ्या पौराणिक लोकनाट्यात, लिहून काढलेले नाटक नसते, हे आपल्या बहुतेक वाचकांना माहीत आहे. संध्याकाळी आख्यान ठरते, पेटाऱ्यापाशी बसून तोंडाला रंग लावता लावता नट आपापसांत प्रवेशांचा क्रम बोलून घेतात, आणि पुढचे सारे हार्मोनियम, मृदंग आणि झांज यांच्या साथीने जागच्या जागी उभे राहते. सिंहासन म्हणून एक लाकडी बाकडे असते. दिवसा शेतात किंवा काजूच्या कारखान्यात राबणारा माणूस रात्री मुकुट घालून शुद्ध, संस्कृतप्रचुर मराठीत वीस-वीस मिनिटे वाद घालतो, समोरच्याने टाकलेला शब्द झेलून परत फेकतो, आणि कुठे अडखळत नाही. एकतीस वर्षे व्याकरण शिकवूनही माझ्या वर्गात असे वक्तृत्व मी कधी निर्माण करू शकले नाही.

पालखीची प्रदक्षिणा आटोपून नाटक सुरू झाले तेव्हा मध्यरात्र उलटली होती. पहिल्या रांगेत, जिथे पूर्वी चटईवर मुले आडवी पडत आणि संकासुर आला की दचकून उठत, तिथे आता ट्रायपॉड उभे होते. राक्षसाचा प्रवेश धूर आणि लाल दिव्यांसह झाला. सगळे मोबाइल वर गेले. तलवारी खणखणल्या, पुन्हा वर गेले. मग राजा आणि त्याने टाकलेली राणी यांची भेट आली. राणीचे काम करणारा नट पन्नाशीचा असेल. त्याने आवाज अजिबात न चढवता विचारले की, न्याय देणाऱ्याच्याच घरात अन्याय झाला, तर दाद मागायला कोणत्या दारातून आत यावे? राजाला उत्तर सुचले नाही. नाटकातल्या राजाला नव्हे, राजाचे काम करणाऱ्या माणसाला खरोखरच सुचले नाही. हार्मोनियमवाल्याने एक सूर धरून ठेवला. मागच्या बायका नकळत गुडघ्यांवर पुढे सरकल्या. अर्धा मिनिट कोणी खोकलेसुद्धा नाही. अखेर राजाने मुकुट काढून बाकड्यावर ठेवला आणि तो तसाच उभा राहिला. उत्तर म्हणून तेवढेच.

मी सहज पहिल्या रांगेकडे पाहिले. एक मुलगा मान खाली घालून मघाच्या लढाईच्या चित्रणाला गाणे जोडत होता. दुसऱ्याने बॅटरी वाचवण्यासाठी मोबाइल बंद केला होता. त्या रात्रीची लढाई आजही हवी तेव्हा पाहता येते. त्या अर्ध्या मिनिटाचे चित्रण मात्र, माझ्या माहितीप्रमाणे, कोणाकडेही नाही.

पहाटे दहीकाला झाल्यावर राणी झालेला नट खोबरेल तेलाने तोंडावरचा रंग पुसत बसला होता. मी त्याच्या प्रश्नाचे कौतुक केले तर तो हसला. “बाईनू, आमचा बोलणा कोणी घेतल्यानी नाय. तरवारी तेवढ्यो घेतल्यानी.” तो तक्रार करत नव्हता. नंतर त्याने जे सांगितले ते मला अधिक लागले. मोबाइलवर फिरणारी चित्रे पाहून लोक नाटकाची मागणी करतात, म्हणून नाटक कंपनीत आता बोलणे आवरते घेऊन आणखी एक ट्रिकसीन, म्हणजे धूर-दिव्यांचा चमत्काराचा प्रवेश, वाढवा असा आग्रह होतो. ट्रिकसीनशी माझे भांडण नाही. ती पूर्वीपासून आहेत आणि मुलांना आवडतात. पण रात्रभर खळ्यात बसलेल्या चारशे माणसांची आवड आणि बोटाने पुढे सरकणाऱ्या चार लाखांची आवड यांत दुसरीचा शब्द चालणार असेल, तर चारशे जणांनी थंडीत कुडकुडत बसायचे कशासाठी? दशावतार बंद पडेल अशी भीती मला वाटत नाही. तो चालेल, कदाचित पूर्वीपेक्षा जोरात चालेल. तो कोणासमोर चालला आहे, हे मात्र बदललेले असेल.

गाऱ्हाण्याचेही तेच. देवासमोर उभा राहून गावकार ‘बा देवा म्हाराजा’ म्हणून आरंभ करतो, गावाच्या वतीने मागणे मागतो, आणि जमलेले लोक ‘व्हय म्हाराजा’ म्हणून त्याला दुजोरा देतात. गावात कोण आजारी आहे, कोणाचे भांडण मिटत नाही, कोणाचा मुलगा परदेशी गेला आहे, हे त्यात येते. आता गाऱ्हाण्याच्या चालीवर विनोदी रील निघतात : क्रिकेटचा सामना जिंकू दे, बायको माहेरून उशिरा येऊ दे. पहिल्या दोन-चार मलाही आवडल्या. मी त्या पुढेही पाठवल्या, हे कबूल करते. पण यंदा गावकाराने खरे गाऱ्हाणे सुरू केले आणि पहिल्याच ‘व्हय म्हाराजा’ला मागच्या मुलांमध्ये खसखस पिकली. त्यांचा काही दोष नव्हता. त्यांनी ते शब्द प्रथम ऐकले ते विनोद म्हणून, देवळात नंतर ऐकले.

या बाबतीत शाळेच्या बाजूने बोलण्याचा अधिकार मला फारसा नाही. ‘खय’ला ‘कुठे’ आणि ‘माका’ला ‘मला’ म्हणायला लावण्यात मी अनेक वर्षे घालवली, आणि मुले मालवणीत बोलली की दंड म्हणून उभे करणाऱ्यांपैकी मीही एक होते. मालवणी बोलण्याची लाज आम्ही लावली आणि ती घालवली रीलवाल्या मुलांनी, हे निखळ सत्य आहे. आज मुंबईच्या महाविद्यालयातली मुलगी लोकलमध्ये मोठ्याने मालवणी बोलते याचे श्रेय पाठ्यपुस्तकाला मिळणार नाही. माझी तक्रार पुढची आहे. ज्या मालवणीला बाजारात मान मिळाला, ती शिव्यांची, भांडणाची आणि चावट विनोदाची मालवणी आहे. तरवा, मांगर, गडगो, व्हाळ, सुकती, कणगी हे शब्द मी नातवंडांच्या वयाच्या मुलांसमोर उच्चारले की ती माझ्याकडे पाहत राहतात. शिव्या मात्र सगळ्यांना सुरात येतात. एका आख्ख्या भाषेतला हसण्याजोगा तेवढा तुकडा कापून घेतला, आणि मग आम्हीही तोच तुकडा म्हणजे आपण असे धरून चाललो.

खाण्याजेवण्याचे, घरांचे आणि भुताखेतांचे तर विचारूच नका. पाहुण्यांना राहायला खोल्या देणाऱ्या माझ्या ओळखीच्या एका घरात बाहेरच्या पडवीत सुरमईची थाळी आणि भडक गुलाबी सोलकढी जाते, तिचे फोटो निघतात, आणि घरची माणसे आत चुलीपाशी पेज जेवतात. पेज बाहेर का ठेवत नाही, असे विचारले तर मालकीण म्हणाली की ती फोटोत काही दिसत नाही. रात्री गावाच्या सीमेवरून फिरून राखण करणारा देवचार पडद्यावर गेला की भूत होतो. २०१६ साली आकेरीतल्या एका वाड्यात एका मालिकेचे चित्रीकरण झाले आणि तो वाडा पाहायला लोकांची रीघ लागली. त्या मालिकेने कलावंतांना काम दिले, मालवणी घराघरांत नेली, हे मी नाकारत नाही. पण त्यानंतर मुंबईची माणसे आम्हाला सगळ्यांत आधी विचारू लागली ती भुतांची चौकशी. आणि आम्हीही, पाहुणा खूश व्हावा म्हणून, नसलेली भुते सांगू लागलो. ‘येवा, कोकण आपलाच आसा’ हे वाक्य पूर्वी पाहुणचाराचे होते. आता प्लॉट विकणाऱ्यांच्या व्हिडिओत ते समुद्राच्या चित्राखाली येते आणि खरेच वाटू लागते.

हे सगळे वाचून मी मोबाइलच्या विरुद्ध आहे असे कोणी समजू नये. माझा एक विद्यार्थी जहाजावर नोकरीला आहे. जत्रेच्या त्या रात्री नाटकाचे थेट प्रक्षेपण तो कुठल्याशा बंदरात बसून पाहत होता आणि साडेतीनच्या सुमारास त्याने मला मोबाइलवर विचारले, “बाई, तुमी खय बसलासात? माका दिसनात नाय.” मी उभी राहून कॅमेऱ्याकडे हात केला. त्याला तो दिसला. ते प्रक्षेपण करणाराही गावातलाच मुलगा होता, आणि तेवढ्यापुरते ते यंत्र जुन्या चाकरमान्याच्या उलट दिशेने चालले होते : गाव बाहेर जात होते आणि ओळखीच्या माणसापर्यंत पोहोचत होते. त्या जहाजावरच्या मुलाला ‘मित्रांनो’ म्हणण्याची गरज नव्हती. त्याला नाव होते, आणि मी त्याला नावानेच झापले, की झोप, सकाळी कामावर जायचे आहेस.

म्हणून माझी मागणी बंदीची नाही, थोडी वेगळी आहे. जत्रा भरवणाऱ्या देवस्थान समित्यांनी चित्रणाचा प्रश्न कंपनीबरोबर बसून आधीच सोडवावा. चित्रण करायचे असेल तर आख्ख्या नाटकाचे करावे, चांगला माइक लावून करावे, त्याच्या उत्पन्नात नटांचा वाटा असावा आणि एक प्रत गावाच्या वाचनालयात राहावी. आख्यान लिहिलेले नसल्यामुळे एकदा बोललेले पुन्हा तसेच बोलले जात नाही. तेव्हा जपून ठेवण्यासारखे जर काही असेल तर ते हे बोलणेच आहे. शाळांतही मुलांना मोबाइल कसा वाईट यावर निबंध लिहायला लावण्यापेक्षा तोच मोबाइल घेऊन आजीसमोर बसवावे आणि भाताच्या जातींची, वाऱ्यांची, भरती-ओहोटीची नावे तिच्या तोंडून ध्वनिमुद्रित करून घ्यावीत. मी आमच्या शाळेला हे सुचवले आहे. उत्तर यायचे आहे.

आणि एक विनंती आपल्यालाही आहे, संपादक महोदय. रागावू नये. वृत्तपत्रांच्या जिल्हा पानांवर हल्ली अमुक व्हिडिओला किती लाख लोकांनी पाहिले, हीच बातमी म्हणून छापली जाते. पूर्वी हिवाळ्यात त्याच पानांवर जत्रांच्या तारखा येत, कोणत्या गावी कोणती कंपनी हे येत, आणि क्वचित एखादा जाणकार बातमीदार रात्रभर जागून कोणाचा संवाद रंगला, कोण फसला, हे चार ओळींत लिही. नटांची नावे त्यात असत, आणि ती कात्रणे पेटाऱ्याच्या झाकणाला आतून चिकटवलेली मी पाहिली आहेत. तो रकाना पुन्हा सुरू करता आला तर पाहावे. लिहायला माणूस नसेल तर मी आहे. मला रात्री तशीही झोप कमी येते.

आमच्या जत्रेची यंदाची बैठक नुकतीच झाली. चित्रणाच्या उत्पन्नाच्या वाट्यावर एकमत झाले नाही, तो विषय पुढच्या बैठकीवर गेला. ट्रायपॉड मृदंगवाल्याच्या मागे, एका बाजूला लावावेत आणि पहिल्या रांगेत पूर्वीप्रमाणे चटया अंथराव्यात, एवढे मात्र ठरले. चटया कोणी आणायच्या यावर अर्धा तास वाद झाला. शेवटी चार माझ्याकडून जायच्या आहेत.

आपली,
एक निवृत्त शिक्षिका,
ता. वेंगुर्ले, जि. सिंधुदुर्ग